एकच वकील, अख्खी गँग: मेलबर्नच्या ‘लॉयर एक्स’ची केस

२२ एप्रिल २००६, मेलबर्न. पोलिसांनी ड्रग्ज बनवण्याच्या लॅबच्या प्रकरणात एका माणसाला उचललं. त्याचं खरं नाव कोर्टाच्या आदेशामुळे छापत नाहीत, सगळ्या कागदांत तो ‘मिस्टर कूपर’ आहे, आपणही तेच म्हणू. हा कूपर म्हणजे शहरातला मोठा ड्रग्जवाला टोनी मोकबेल याच्या धंद्यातला ‘कुक’, माल शिजवणारा हात. अटक झाल्यावर कोणीही करेल तेच त्यानं केलं, वकील मागितला. वकीलबाई रात्री स्टेशनवर हजर झाल्या, त्याच्याशी खाजगीत बोलल्या, सल्ला दिला, आणि कूपर फुटला. म्हणजे पोलिसांना मदत करायला आणि पुढे आपल्याच लोकांविरुद्ध साक्ष द्यायला तयार झाला.

आता गंमत अशी की पोलिसांना त्या लॅबपर्यंत नेणारी टीप याच बाईंची होती. आपल्या अशिलाला आपणच पकडून द्यायचं आणि मग त्याची वकील म्हणून जाऊन त्याला सांगायचं की बाबा आता सहकार्य करण्यातच तुझं हित आहे! स्टेशनवरच्या काही अधिकाऱ्यांना हे माहीत होतं. खुर्चीत बसलेल्या कूपरला मात्र पत्ताच नव्हता.

बाईंचं नाव निकोला गोबो. व्हिक्टोरिया पोलिसांच्या रजिस्टरमधे खबरी नंबर ३८३८, पुढे तो बदलून २९५८ झाला, आणि पेपरांत बरीच वर्षं नुसतं ‘लॉयर एक्स’. या केसवर जिथे तिथे लिहिताना लोक ‘वकील खबरी निघाली’ इथूनच सुरुवात करतात, साहजिक आहे, धक्का तोच आहे. पण माझं मत जरा वेगळं आहे. खबरी होणं हा या प्रकरणाचा मधला टप्पा झाला. मुळातला घोळ त्याच्या खूप आधी झाला होता, जेव्हा एकच वकील अख्ख्या गँगची वकील होऊन बसली, एकमेकांच्या जिवावर उठलेल्या लोकांची कामं एकाच वेळी घेत राहिली, आणि त्यावर कोणी हरकत घेतली नाही कारण त्यात सगळ्यांचीच सोय होती. बॉसची, तिची, आणि पुढे पोलिसांचीही.

आधी मेलबर्नचं चित्र. साधारण १९९८ ते २०१० या काळात तिथे गँगवॉर चाललं आणि तीसच्या वर माणसं मेली. ऑक्टोबर १९९९ मधे ड्रग्जच्या धंद्यातल्या कार्ल विल्यम्सच्या पोटात विरोधी टोळीतल्या जेसन मोरननं गोळी घातली, तो वाचला, आणि पुढे मोरन घराण्यातले लोक एकेक करून पडायला लागले. जून २००३ मधे खुद्द जेसनला व्हॅनमधे गोळ्या घातल्या, लहान मुलांच्या फुटबॉलच्या कार्यक्रमाबाहेर, मागच्या सीटवर पोरं बसलेली असताना. त्याच वर्षी पोलिसांनी ‘पुराना’ नावाचं टास्क फोर्स उभं केलं. आणि या सगळ्याच्या मागे पैसा होता तो स्पीड आणि एक्स्टसी या ड्रग्जचा, ज्यात मोकबेल हे सगळ्यात मोठ्या नावांपैकी एक. थोडक्यात, खुनाचे खटले, ड्रग्जचे खटले, जामिनाचे अर्ज, सगळ्याचा नुसता पूर आलेला. फौजदारी वकिलांना यापेक्षा चांगला सीझन कुठला.

गोबो तशी चांगल्या घरातली. काका सर जेम्स गोबो आधी व्हिक्टोरिया राज्याच्या सुप्रीम कोर्टाचे जज आणि नंतर त्याच राज्याचे गव्हर्नर. ही मेलबर्न युनिव्हर्सिटीत कायदा शिकत होती तेव्हाच १९९३ मधे तिच्या घरावर धाड पडून ड्रग्ज सापडले, गुन्हा कबूल केला, चांगल्या वर्तणुकीच्या हमीवर सुटली, रेकॉर्डवर शिक्षा लागली नाही. खबरी म्हणून पहिली नोंद १९९५ ची आहे, म्हणजे वकील व्हायच्याही आधीची! १९९७ ला वकील झाली, १९९८ ला बारमधे, म्हणजे कोर्टात उभं राहून युक्तिवाद करणाऱ्या वकिलांच्या यादीत, नाव लागलं, १९९९ ला परत खबरी म्हणून नोंद. त्यामुळे २००५ मधे काहीतरी अचानक घडलं वगैरे जे वाटतं ते तितकंसं खरं नाही, पोलिसांशी बोलायची सवय जुनीच होती.

वकील म्हणून ती हुशार होती, जामिनाच्या कामात तर खास, आणि मुख्य म्हणजे कायम हजर. रात्री अपरात्री फोन उचलायची, तुरुंगात भेटायला जायची, अशिलांबरोबर जेवायला, पार्ट्यांना जायची, त्यांच्या घरच्या समारंभांना पाहुणी म्हणून असायची. आता एखादा म्हणेल की यात काय गुन्हा आहे, वकिलानं माणसात मिसळू नये का. मिसळावं की, पण गँगच्या वकिलीत हे मिसळणंच महागात पडतं, कारण मग कुठलं बोलणं वकिलाशी झालं आणि कुठलं दोस्ताशी झालं हे कोणालाच सांगता येत नाही, पुढे कोर्टात तर अजिबातच नाही.

आणि आता मुद्द्याची गोष्ट, फी. टोळीतला खालचा माणूस पकडला जातो तेव्हा बऱ्याचदा त्याच्या वकिलाचे पैसे तो स्वतः देत नाही, देऊच शकत नाही, पैसे वरून येतात. बॉस हे प्रेमापोटी करत नाही. त्याला दोन गोष्टी विकत घ्यायच्या असतात. पहिली, पोरगा गप्प राहील याची खात्री, कारण आपण पाठवलेला वकील त्याला ‘माफीचा साक्षीदार हो’ असा सल्ला सहसा देणार नाही. दुसरी, माहिती. आरोपपत्रात काय आहे, पोलिसांच्या हाती कुठले फोन लागलेत, कोण डगमगतोय, हे सगळं वकिलाच्या फाईलमधे असतं आणि ती फाईल वरपर्यंत कशी जाईल याची सोय झालेली असते. अशा वेळी खालच्या माणसाचं हित असतं सौदा करण्यात, लवकर बोलण्यात, शिक्षा कमी करून घेण्यात, आणि बॉसचं हित असतं त्यानं तोंड शिवून आत जाण्यात. दोघांचा वकील एकच असेल तर तो कोणाचं ऐकणार? नियमांत याचं उत्तर सोपं आहे, दोन अशिलांची हितं एकमेकांच्या आड येत असतील तर एक केस सोडा, कधीकधी दोन्ही सोडा. पण गोबोच्या हातात मोकबेल होता, त्याचे लोक होते, कार्ल विल्यम्स होता, मोरनांच्या बाजूचेही होते, आणि त्यांच्याविरुद्ध साक्ष देणारेही होते.

२००४ मधेच, म्हणजे ३८३८ हा खबरी नंबर मिळण्याच्या एक वर्ष आधी, तिचा एक अशील गुपचूप पोलिसांच्या बाजूला गेला आणि ती त्याच्या त्या कामात सल्ला देत होती, आणि तो ज्यांच्याविरुद्ध बोलणार होता त्यांची कामंही तिच्याकडे येत राहिली. हे कळल्यावर मला तर वाटतं की तिथेच खेळ संपला होता. त्या क्षणी तिनं बाकीच्यांना एवढंच सांगायला हवं होतं की मी तुमची केस चालवू शकत नाही, कारण विचारू नका. सांगितलं असतं तर कदाचित जिवावर बेतलं असतं हेही खरं, कारण ‘कारण विचारू नका’ म्हटलं की अशा लोकांना कारण कळतंच. म्हणजे आधी हो म्हणताना विचार केला नाही तर नंतर नाही म्हणायची सोयच राहत नाही.

जुलै २००४ मधे तिला स्ट्रोक आला, वय फक्त ३१. ताण किती होता याचा अंदाज त्यावरून यावा. त्यातून उठली आणि परत तेच काम, तेच लोक. २००५ च्या ऑगस्टमधे तिनं कोर्टाच्या आवारात पोलिसांकडे मन मोकळं केलं की मोकबेलच्या लोकांचा जाच सहन होत नाही, यातून बाहेर पडायचंय. १६ सप्टेंबर २००५ ला ती खबरी म्हणून परत नोंदवली गेली, यावेळी खास खबरी सांभाळणाऱ्या युनिटच्या हाताखाली.

इथे जरा थांबावंसं वाटतं. समोर एक आजारातून उठलेली, घाबरलेली वकील आहे, ती म्हणतेय मला सोडवा. तिला सोडवण्याचा सरळ रस्ता काय होता? बारच्या नैतिकता समितीकडे जाऊन सल्ला घे, वकीलपत्रं सोड, वाटल्यास काही दिवस शहर सोड, आणि धमक्या आल्या असतील तर फिर्यादी म्हणून तक्रार दे. पोलिसांनी यातलं काही सुचवलं नाही कारण त्यांना ती बाहेर नको होती, आत हवी होती. जितकी जास्त आत तितकी जास्त कामाची. वकील म्हणून तिची किंमत संपली की खबरी म्हणूनही संपली असती, म्हणून ती रोज सकाळी काळा कोट चढवून त्याच लोकांसाठी उभी राहत गेली आणि रात्री हँडलरला फोन करत गेली. या कामाला हात घालण्याआधी एखाद्या कायदेतज्ज्ञाला विचारावं, की वकिलाला त्याच्याच अशिलांविरुद्ध वापरणं चालतं का, एवढंही त्यांनी केलं नाही.

किती माहिती दिली? तिनं स्वतः २०१५ मधे एका वरिष्ठ अधिकाऱ्याला जे पत्र लिहिलं त्यात ५,५०० इन्फर्मेशन रिपोर्टचा आकडा आहे आणि आपल्यामुळे किमान ३८६ लोकांवर गुन्हे दाखल झाले असा दावा आहे. तिचाच दावा आहे, थोडं फुगवलेलं असेल असं धरलं तरी अर्धा आकडाही भयंकर आहे. आणि नुसत्या टिप्स नव्हत्या त्या. कोणाची मानसिक अवस्था काय आहे, कोण लवकर फुटेल, कोणाची बायको वैतागलीय, बचाव कुठल्या दिशेनं जाणार, असलं सगळं. हँडलर मंडळींचं नंतरचं म्हणणं असं की वकील-अशील गुपितातलं आम्हाला नको असं आम्ही तिला बजावलं होतं. बजावलं असेल, पण कान काही बंद केले नव्हते.

मोकबेलचंच बघा. मार्च २००६ मधे त्याच्यावर कोकेन आयात केल्याचा खटला सुरू होता आणि बचावाच्या टीममधे ज्युनियर म्हणून गोबो उभी होती. म्हणजे त्याच्या बचावाच्या फाईली हातात असलेली बाई त्याच वेळी पोलिसांची नोंदणीकृत खबरी होती. खटला संपत आला आणि मोकबेल जामिनावरून पळाला, पुढे जून २००७ मधे अथेन्समधे सापडला, डोक्यावर विग घालून कॅफेत बसलेला. तो फोटो जगभर गाजला. २००८ मधे त्याला ग्रीसमधून परत आणलं आणि २०१२ मधे ड्रग्जच्या गुन्ह्यांत ३० वर्षांची शिक्षा झाली, त्यातली किमान २२ आत काढायची. पोलिसांच्या दृष्टीनं हा मुकुटातला हिरा, आणि त्या वेळी कोणाला शंका यायचं कारणही नव्हतं.

सगळ्यात मोठा माल मात्र टोमॅटोच्या डब्यांत आला. जून २००७, इटलीहून मेलबर्न बंदरात एक कंटेनर उतरला, त्यात ३,००० हून जास्त टोमॅटोचे डबे, आणि डब्यांत ४.४ टन एक्स्टसी, जवळपास दीड कोटी गोळ्या. त्या वेळेपर्यंतची जगातली सगळ्यात मोठी एक्स्टसीची जप्ती. या कंटेनरची जहाजाची बिल्टी पोलिसांपर्यंत कशी पोचली तर गोबोच्या एका अशिलानं ती तिच्याकडे दिली होती, तिनं त्यातली माहिती पुढे सरकवली. पोलिसांनी माल गुपचूप काढून घेतला, वर्षभर पाळत ठेवली आणि ऑगस्ट २००८ मधे धरपकड केली.

हे उदाहरण मुद्दाम घेतलं कारण इथे प्रश्न वाटतो तितका सोपा नाही. बरेच लोक म्हणतात वकिलाला सांगितलेलं सगळं गुपित असतं. तसं नसतं. झालेल्या गुन्ह्याबद्दल सल्ला घ्यायला अशील जे बोलतो ते गुपित, पण चालू असलेला किंवा पुढे करायचा गुन्हा तडीस न्यायला वकिलाचा वापर केला तर त्याला हे संरक्षण लागू होत नाही, कॉमन लॉच्या देशांत हे जुनं तत्त्व आहे. त्यामुळे दीड कोटी गोळ्या बंदरात येतायत हे कळलेल्या वकिलानं गप्पच बसायला हवं होतं असं मी तरी म्हणणार नाही. पण सांगायचं तर एकदा सांगायचं, आणि त्याच दिवशी त्या माणसाची केस सोडायची. सांगून परत त्याचीच वकील म्हणून त्याच्या शेजारी बसायचं, आणि पुढच्या आठवड्यात अजून काय कळतं ते बघायचं, हे कुठल्याच नियमात बसत नाही. गुपित ही एक गोष्ट आणि निष्ठा ही दुसरी, गुपित नसलेली माहिती दिली म्हणून निष्ठा मोडायची परवानगी मिळत नाही.

निष्ठा मोडली की काय होतं याचं सगळ्यात वाईट उदाहरण मोठ्या डॉनचं नाहीच, फारूक ओर्मानचं आहे. मे २००२ मधे व्हिक्टर पीअर्स नावाच्या माणसाचा पोर्ट मेलबर्नमधे गाडीत बसलेला असताना खून झाला. ओर्मान मारेकऱ्याची गाडी चालवत होता असा आरोप, त्याचं म्हणणं मी त्यात नव्हतोच. त्याच्याविरुद्ध मुख्य साक्षीदार एकच. ओर्मानची वकील गोबो, आणि त्या साक्षीदाराशीही तिचे वकिलीचे संबंध. मधे तो साक्षीदार डळमळायला लागला, साक्ष देणार नाही म्हणायला लागला, तेव्हा त्याला परत लायनीवर आणण्यासाठी पावलं कोणी उचलली? ओर्मानच्याच वकिलानं. २००९ मधे ओर्मान दोषी ठरला. जुलै २०१९ मधे अपील कोर्टानं शिक्षा रद्द केली, नुसता खटला परत चालवा असंही म्हटलं नाही, थेट निर्दोष सोडला, आणि सरकारी पक्षानं स्वतःच मान्य केलं की न्यायाची गंभीर पायमल्ली झालीय. तोवर हा माणूस १२ वर्षं आत होता.

पोलिसांच्या बाजूचा युक्तिवादही सांगितला पाहिजे. माणसं रस्त्यावर मरत होती, पोरांसमोर बापाला गोळ्या घालत होते, साक्षीदार बोलायला तयार नव्हते, आणि खबरीची ओळख उघड झाली तर ती जिवंत राहणार नाही. यातला शेवटचा मुद्दा खोटा नव्हता. पण खबरीची ओळख लपवायची असेल तर त्यासाठीही रस्ता आहे, तो कायद्यानंच दिलाय. सरकारी पक्षाला आपल्याकडची बचावाला उपयोगी पडेल अशी माहिती आरोपीला द्यावीच लागते. एखादी गोष्ट देणं धोक्याचं असेल तर पोलिसांनी जजसमोर जायचं, बंद दाराआड सांगायचं की हे कारण आहे, आणि द्यायचं की नाही हे जज ठरवणार. व्हिक्टोरिया पोलिसांनी हेच केलं नाही. गेले नाहीत कारण गेले असते तर जजनं पहिला प्रश्न विचारला असता की हा खबरी आहे कोण, आणि उत्तर ऐकून खटले तिथल्या तिथे कोसळले असते. म्हणून त्यांनी स्वतःच जज होऊन ठरवून टाकलं, सरकारी वकिलांनाही अंधारात ठेवलं. माझ्या मते गोबोच्या फितुरीपेक्षा हे मोठं पाप आहे. ती एक व्यक्ती होती, तिची बुद्धी फिरली, भीती होती, मोठेपणाची हौस होती, काय म्हणाल ते. पण ही तर अख्खी यंत्रणा होती, पायरीपायरीवर अधिकारी बसलेले, आणि वर्षानुवर्षं कोणीही फाईल उचलून कोर्टात नेली नाही.

बिंग फुटलं ते हळूहळू. एप्रिल २००८ मधे तिची बीएमडब्ल्यू गाडी पेटवून दिली. संशय वाढत होता. मग पोलिसांनी अजून एक चमत्कारिक निर्णय घेतला, जानेवारी २००९ मधे खबरी म्हणून नोंद बंद केली आणि तिला थेट साक्षीदार बनवलं, एका माजी पोलीस अधिकाऱ्याविरुद्धच्या खुनाच्या केसमधे. खबरी अंधारात राहतो, साक्षीदार उजेडात उभा राहतो आणि त्याची उलटतपासणी होते, मग सगळं बाहेर येणार हे कोणाच्या डोक्यात आलं नाही? ती केस उभी राहिलीच नाही, आणि २०१० मधे तिनं पोलिसांवरच दावा लावला, तो २८.८ लाख ऑस्ट्रेलियन डॉलरवर मिटवला. पैसे मिळाले, तोंडं बंद झाली, असं दोन्ही बाजूंना वाटलं असावं.

पुढचं भराभर सांगतो. २०११ मधे पोलिसांना त्यांच्याच एका कायदा सल्लागारानं इशारा दिला की आधीच्या शिक्षा धोक्यात येऊ शकतात. २०१२ मधे माजी पोलीस आयुक्तानं आढावा घेऊन ताशेरे ओढले. मार्च २०१४ च्या शेवटी हेराल्ड सन पेपरनं नाव न घेता बातमी फोडली. २०१५ मधे भ्रष्टाचारविरोधी आयोगासाठी निवृत्त जज मरे केलम यांचा गुप्त अहवाल आला. २०१६ मधे सरकारी अभियोग संचालकांनी ठरवलं की मोकबेलसह सात दोषींना हे कळवलंच पाहिजे, त्यांचा तो हक्क आहे. यावर पोलीस आणि गोबो दोघेही कोर्टात गेले, कळवू नका म्हणून! ही लढाई बंद दाराआड दोन वर्षं चालली, पोलीस खालच्या कोर्टात हरले, अपिलात हरले, आणि नोव्हेंबर २०१८ मधे ऑस्ट्रेलियाच्या हायकोर्टात, म्हणजे त्यांच्या सर्वोच्च न्यायालयात, सातही न्यायाधीशांपुढे हरले. कोर्टानं गोबोच्या वागण्याला वकिलाच्या कर्तव्याचा मूलभूत आणि भयानक भंग म्हटलं, आणि पोलिसांना तर निंदनीय वर्तनाचे दोषी म्हटलं कारण त्यांनी जाणूनबुजून तिला त्यासाठी प्रोत्साहन दिलं. तिच्या जिवाला धोका आहे हे कोर्टानं मान्य केलं होतं बरं का, तरीही म्हटलं की सांगावंच लागेल.

डिसेंबर २०१८ मधे रॉयल कमिशन बसलं, अध्यक्ष मार्गारेट मॅकमर्डो, ज्या आधी क्वीन्सलँडच्या अपील कोर्टाच्या अध्यक्ष होत्या. १ मार्च २०१९ ला गोबोचं नाव अधिकृतपणे उघड झालं. तिची साक्ष २०२० च्या सुरुवातीला फोनवरून झाली, परदेशात कुठेतरी लपून राहत असताना. ३० नोव्हेंबर २०२० च्या अंतिम अहवालातला आकडा सगळ्यांनी मथळ्यात घेतला, १,०११ लोकांच्या शिक्षांवर या प्रकाराचा परिणाम झालेला असू शकतो. ‘असू शकतो’ हे नीट वाचा. १,०११ लोक निर्दोष होते असं कमिशननं म्हटलेलं नाही, त्यातले कित्येक पक्के गुन्हेगार असतील, मालासकट सापडलेले असतील. पण प्रत्येकाला आता विचारायचा हक्क मिळाला की माझी वकील नक्की कोणाची होती, आणि प्रत्येक प्रश्नासाठी जुन्या फाईली, जुनं रेकॉर्डिंग परत उघडावं लागलं. जी पकड पोलिसांना त्या वेळी मोठी वाटली तीच आता सगळ्यात कच्ची ठरली. झ्लाते त्स्वेतानोव्स्की नावाच्या माणसाची शिक्षा २०२० मधे रद्द झाली. आणि ज्याच्यासाठी हा सगळा खटाटोप केला तो मोकबेल, किमान २२ वर्षांची शिक्षा लागलेला, एप्रिल २०२५ मधे अपील प्रलंबित असताना जामिनावर बाहेर आला.

गोबोनं परत एकदा राज्यावर दावा लावला होता, पोलिसांनी मला सांभाळलं नाही म्हणून, तो २०२५ मधे फेटाळला गेला.

गुन्हेगारी जबाबदारीचं काय? कमिशनच्या शिफारशीनुसार विशेष तपास अधिकारी नेमला, हायकोर्टाचे माजी न्यायाधीश जेफ्री नेटल, म्हणजे २०१८ चा तो निकाल देणाऱ्या सात जणांपैकीच एक. त्यांच्या ऑफिसला तपास करता येत होता पण आरोप ठेवायचा अधिकार नव्हता, त्यासाठी अभियोग संचालकांची परवानगी लागायची. हे रचतानाच कोणीतरी हरकत घ्यायला हवी होती खरं तर. नेटल यांनी पुरावे गोळा करून पाठवले, संचालकांनी नकार दिला. घटना जुन्या झाल्यात, दोष सिद्ध होण्याची पुरेशी शक्यता नाही, आणि गोबोसारख्या साक्षीदारावर ज्युरी विश्वास ठेवणार कशी, असे मुद्दे होते. जून २०२३ मधे नेटल यांनी संसदेपुढे अहवाल ठेवून सरळ सांगितलं की असंच चालणार असेल तर हे ऑफिस चालू ठेवण्यात अर्थ नाही, आणि सरकारनं ते बंद केलं. त्याच अहवालातून हेही कळलं की गोबो स्वतः गुन्हा कबूल करायला आणि पोलिसांविरुद्ध साक्ष द्यायला तयार होती. तिच्यावरही आरोप ठेवला गेला नाही, आणि कुठल्याच अधिकाऱ्यावरही नाही.